न्याय मिळाला, व्याजाचे काय?

कामगाराला बेकायदेशीरपणे बडतर्फ केले, त्याने दाद मागितली आणि निवाडा त्याच्या बाजूने लागला, की न्याय झाला असे मानण्याची आपल्याकडे रीत आहे. प्रत्यक्षात निवाडा आणि पैसा यांच्यामध्ये उच्च न्यायालय असते, कधी सर्वोच्च न्यायालय असते, आणि कित्येकदा दहा-बारा वर्षे असतात. या काळात मुलांचे शिक्षण, मुलीचे लग्न, घरातले आजारपण हे सारे पतपेढीच्या नाहीतर सावकाराच्या कर्जावर निभावते. अखेर हाती पडते ती बारा वर्षांपूर्वीची रक्कम.

साधा हिशेब पाहा. थकीत वेतन 3 लाख रुपये आणि विलंब 12 वर्षांचा. सहा टक्के सरळव्याजाने 2 लाख 16 हजार होतात, नऊ टक्क्यांनी 3 लाख 24 हजार. तेवढेच पैसे मालकाने बँकेकडून नऊ टक्के चक्रवाढ दराने घेतले असते, तर व्याजच सुमारे 5 लाख 44 हजार झाले असते. अपील रेंगाळत ठेवणे हे कर्ज काढण्यापेक्षा स्वस्त पडत असेल, तर ते लवकर संपावे असे कोणाला वाटेल?

1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यात अशा रकमेवरील व्याजाचा दर ठरवलेला नव्हता. 21 नोव्हेंबर 2025 पासून त्याची जागा घेणाऱ्या औद्योगिक संबंध संहितेनेही ही उणीव भरून काढली नाही. त्यामुळे दर न्यायाधीशांच्या विवेकावर राहतो. सर्वोच्च न्यायालयाने 2000 साली एका निवृत्ताच्या रखडलेल्या देय रकमांवर 18 टक्के दिले, 2007 च्या एका निकालात 12 टक्के. त्या 2007 च्या निकालातील विवेचन मोलाचे आहे. व्याज हा दंड नसून भांडवलाची स्वाभाविक वाढ आहे आणि ज्याने पैसा वापरला त्याने ती परत केली पाहिजे, असे न्यायालयाने म्हटले.

2013 साली महाराष्ट्रातील एका शिक्षिकेच्या प्रकरणात याच न्यायालयाने पूर्ण थकीत वेतन देववले आणि चूक मालकाची असताना तिचा लाभ त्यालाच का द्यावा, असा रोखठोक पवित्रा घेतला. निकाल स्वागतार्हच होता. मात्र 9 टक्के व्याज सशर्त होते. चार महिन्यांत वेतन चुकते केले नाही, तरच ते निलंबनाच्या दिवसापासून लागू होणार होते. म्हणजे संस्थेने मुदत पाळली, तर मधल्या वर्षांचे व्याज शून्य! मागच्या विलंबाची भरपाई पुढच्या विलंबावर अवलंबून ठेवणे आम्हाला पटत नाही.

दर कायद्याने बांधता येत नाही, असेही नाही. ग्रॅच्युइटीच्या विलंबावर 10 टक्के सरळव्याजाचा दर 1987 मध्ये ठरला आणि ते व्याज देणे बंधनकारक असल्याचे 2003 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. लघुउद्योजकाचे बिल थकले तर 2006 च्या कायद्याने बँकदराच्या तिप्पट दराने, तेही दरमहा चक्रवाढ, व्याज मिळते. श्रमप्रतिष्ठेची भाषा आपण सारेच बोलतो. मग मालाला मिळणारे हे संरक्षण श्रमाला का नसावे?

न्यायालयातील गर्दीमुळे खटला रखडला तर त्याचा भार आमच्यावर का, असे उद्योजक विचारतील. छोट्या कारखानदाराच्या तोंडी हा प्रश्न गैर नाही. परंतु त्या काळात पैसा त्याच्याच हाती होता. अपील करतानाच रक्कम न्यायालयात भरावी, ती राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत जावी आणि त्या दिवसापासून मालकाची जबाबदारी थांबावी. प्रामाणिक मालकाला एवढी वाट पुरेशी आहे. उरलेल्यांसाठी संहितेत किमान दर हवा, बँकदराशी जोडलेला आणि वेतन देय झाले त्या दिवसापासून मोजला जाणारा.

तोवर युनियनच्या कार्यकर्त्यांनी एक दक्षता घ्यावी. मागणीपत्रातच व्याजाची मागणी, तिचा दर आणि आरंभीची तारीख स्पष्ट लिहावी. मूळ निवाड्यात नसलेला हक्क वसुलीच्या टप्प्यावर नव्याने उभा करता येत नाही. अनेक अर्जांत हा रकानाच कोरा असतो.