उशिरा आलेली गुणवत्ता कोणाच्या कामाची?

आरक्षणाचा विषय निघाला की प्रस्थापितांना गुणवत्तेचा उमाळा येतो. पण गुणवत्तेची यादी वेळेवर लावणे हे ज्यांचे काम, ती विद्यापीठेच निकाल महिनोन्‌महिने अडवून ठेवतात, तेव्हा हे गुणवत्तेचे कैवारी कुठे असतात, असा आमचा सवाल आहे.

२०१७ साल आठवावे. मुंबई विद्यापीठाने पुरेशी तयारी न करता संगणकावर उत्तरपत्रिका तपासण्याचा घाट घातला. १७ लाखांवर उत्तरपत्रिकांचे काम रखडले. कुलपतींनी दिलेली ३१ जुलैची मुदत टळली आणि निकाल सप्टेंबरपर्यंत रेंगाळले. विधी शाखेच्या विद्यार्थ्यांवर तर उच्च न्यायालयाची पायरी चढण्याची वेळ आली. ऑक्टोबरमध्ये कुलगुरूंना पदावरून दूर करण्यात आले. एकाची खुर्ची गेली. पण ज्यांचे पुढचे प्रवेश हुकले, त्यांचे वर्ष कोणी परत केले?

२०१६ चा महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम सांगतो की, परीक्षा संपल्यापासून ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करावा आणि कोणत्याही परिस्थितीत तो ४५ दिवसांत लावावा. न जमल्यास कारणांचा अहवाल द्यावा. विद्यार्थ्याचा अर्ज एक दिवस उशिरा आला तर तो बाद. विद्यापीठाने दोन महिने उशीर केला तर नुसता अहवाल! हा कुठला न्याय?

पैसेवाल्याचा मुलगा वर्षभर थांबू शकतो. हातावर पोट असलेल्या आमच्या माणसाच्या मुलाची शिष्यवृत्ती, वसतिगृहातली जागा, पुढचा प्रवेश हे सारे एका गुणपत्रिकेवर अडलेले असते. निकाल लांबला की तो गावी परततो, रोजंदारीला लागतो आणि पुष्कळदा पुन्हा शिक्षणाकडे वळतच नाही. त्याची नोंद कोणत्याही अहवालात होत नाही.

न्यायालयाचे दार उघडे आहे, पण ते झोपलेल्यासाठी नाही. २०१९ मध्ये एस. कृष्णा श्रद्धा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की स्वतःचा दोष नसताना वैद्यकीय प्रवेश नाकारलेल्या गुणवंत विद्यार्थ्याला अपवादात्मक परिस्थितीत जागा देता येते. मात्र त्याने विनाविलंब दाद मागितलेली असली पाहिजे. म्हणून आमचे सांगणे आहे : ४६ व्या दिवशी लेखी अर्ज द्या, पोच घ्या, हुकलेल्या प्रवेशाचे कागद जपून ठेवा. गुणांबद्दल शंका असेल तर माहिती अधिकारात स्वतःची उत्तरपत्रिका मागा. तो हक्क सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्येच मान्य केला आहे.

आणि शासनाकडे आमची मागणी स्पष्ट आहे. मुदत टळताच विद्यार्थ्याला तात्पुरता प्रवेश मिळावा, त्याची शिष्यवृत्ती थांबू नये आणि उशिराची भरपाई विद्यापीठाने द्यावी, अशी तरतूद कायद्यातच करा. निकाल ही विद्यापीठाची मेहेरबानी नव्हे, तो विद्यार्थ्याचा हक्क आहे. आणि बाबासाहेबांनी आम्हाला हक्कासाठी हात पसरायला नव्हे, लढायला शिकवले आहे.