मेलेला तेवढा आमचा

रत्नागिरीत एका मंडळानं सत्यजित रायांचा 'सद्गती' दाखवला. दिवे लागले. शेजारचे गृहस्थ डोळे पुसत मला म्हणाले, "स्मिता पाटील अगदी तुमच्यातलीच वाटते, नाही?" मी म्हटलं, "साहेब, मग आमच्यातलीच का नाही घेतली?" गृहस्थ चहाला थांबले नाहीत.

दोस्तांनो, स्मितावर माझा राग नाही. बाई खरी होती. मंत्र्याची पोरगी, सेवादलात वाढलेली, मुंबई दूरदर्शनवर बातम्या देणारी. 'भूमिका' आणि 'चक्र'साठी राष्ट्रीय पुरस्कार, १९८५ ला पद्मश्री. पण पुरस्कार कपाटात ठेवून गप्प बसली नाही. मुंबईच्या विमेन्स सेंटरमध्ये बायकांच्या बाजूनं उभी राहिली. १९८६ ला, अवघ्या ३१ व्या वर्षी गेली.

'चक्र'चं काय झालं बघा. जयवंत दळवींच्या कादंबरीतली झोपडपट्टी. तिथली बाई उघड्यावर न्हाते, कारण आडोसाच नाही. वितरकांनी नेमकं तेच दृश्य पोस्टरवर चिकटवलं आणि तिकिटं खपवली. स्मितानं जाहीर नाराजी सांगितली. ऐकतो कोण? आमचं दारिद्र्य पडद्यावर गेलं तरी विकलं जातं ते बाईचं अंगच!

जर्मनीतली सिबेल केकिली घ्या. आईबाप तुर्कस्तानातून आलेले. २००४ ला तिच्या 'गेगेन दी वांड'ला बर्लिनचं सुवर्ण अस्वल मिळालं, आणि लगेच पेपरवाल्यांनी तिच्या जुन्या अश्लील फिल्मा उकरून काढल्या. घरानं तोंड फिरवलं. पोरगी मोडली नाही. इज्जतीच्या नावाखाली बायकांना मारणाऱ्यांविरुद्ध 'तेर दे फाम' संघटनेबरोबर उभी राहिली. २०१० च्या 'दी फ्रेम्डे'त तोच प्रश्न घेऊन पडद्यावर आली. जर्मनांनी झोडलं, आपल्यांनीही झोडलं. पण ती बोलली ती स्वतःच्या घरातलं, स्वतःच्या तोंडानं.

आमच्या पोरीला मार खायला तरी ती जागा मिळाली का?

'सद्गती'ची गोष्ट प्रेमचंदांची. कॅमेरा रायांचा. दुखी चांभार ओम पुरी, झुरिया स्मिता. दोरी बांधून फरफटत नेलेलं मढं, तेवढं आमचं! दुसऱ्यांनी आमच्यासाठी रडावं आणि आम्ही टाळ्या वाजवाव्यात, हा धंदा किती दिवस चालवायचा?

रमाई दापोलीजवळच्या वणंदची, आपल्याच जिल्ह्यातली. २००० सालच्या आंबेडकर चित्रपटात रमाई झाल्या सोनाली कुलकर्णी. त्यांच्या कामाला मी नावं ठेवत नाही. मी विचारतोय, वणंदपर्यंत कोणी गेलं होतं का?

आमच्या बौद्धवाडीत १४ एप्रिलला पोरी नाटक करतात. त्यातली एक काळी, ठेंगणी पोर रमाई होते तेव्हा म्हाताऱ्या ओक्साबोक्शी रडतात. स्मिताचा सावळा रंग म्हणजे अस्सल मातीचा, हिचा तोच रंग मोलकरणीच्या कामाचा. असं तिला तोंडावर सांगणारे महाभाग मी पाहिलेत.

तेव्हा पोरींनो, कोणी बोलावील म्हणून वाट बघू नका. मोबाईल हातात आहे. आपली झुरिया आपणच उभी करायची. आणि या खेपेला मढं ओढलं जाणार नाही; झुरिया दोरी कापील.

जयभीम!