मन वाचणाऱ्या यंत्राची टोपी

मोरव्यात माझा एक आगरी मित्र राहतो. परवा त्याच्या ओसरीवर चहा घेत बसलो होतो. त्याचा मुलगा मोबाइलवर सिनेमा पाहत होता. त्यात एका माणसाच्या डोक्यावर यंत्र चढवतात आणि त्याच्या मनातले सगळे समोरच्या पडद्यावर दिसू लागते. मुलाने विचारले, "काका, असं यंत्र खरंच आलं तर?" मी बोलण्याआधीच मित्र म्हणाला, "यावंच! पोलिसांचं काम सोपं होईल. कर नाही त्याला डर कशाला?"

या म्हणीशी माझे भांडण आहे.

मेंदू आणि यंत्र जोडण्याला माझा विरोध नाही. जानेवारी २०२४ मध्ये न्यूरालिंक कंपनीने हातपाय लुळे पडलेल्या एका तरुणाच्या मेंदूत चिप बसवली. तो आता नुसत्या विचाराने संगणक चालवतो. तिथे माणूस यंत्राला हुकूम देतो, तोही आपल्या मर्जीने. पोलीस कोठडीत याच्या नेमके उलटे होते.

तिथल्या यंत्राचे नाव ब्रेन मॅपिंग. आरोपीच्या डोक्यावर तारांची टोपी घालतात. तो डोळे मिटून गप्प बसतो. "मी विष आणले", "मी ते मिसळले" अशी वाक्ये त्याला ऐकवतात आणि मेंदूतल्या विजेच्या लहरींवरून संगणक ठरवतो की हा त्याचा स्वतःचा अनुभव आहे. जून २००८ मध्ये पुण्याच्या सत्र न्यायालयाने एका तरुणीला खुनाच्या आरोपात जन्मठेप दिली, त्यात अशा चाचणीचा अहवाल पुरावा म्हणून धरला. त्याच वर्षी बेंगळुरूच्या निमहान्स या संस्थेच्या संचालकांच्या अध्यक्षतेखालील समितीने ही पद्धत अशास्त्रीय असल्याचे सांगितले. मराठीत फसवण्याला टोपी घालणे म्हणतात. इथे ती न्यायालयालाच घातली गेली.

साधा विचार करा. दिवसरात्र एकच कहाणी ज्याच्या कानावर आदळली, त्याच्या मनात त्या कहाणीचे चित्र उमटणारच. ती आठवण गुन्ह्याची की कोठडीची, हे लहरी कशा सांगणार?

११ जुलै २००६ ला लोकलमध्ये सात स्फोट झाले. त्यातला एक आमच्याच मीरा रोड-भाईंदरचा. १८० हून अधिक माणसे गेली. अटक झालेल्या मुस्लीम तरुणांपैकी अनेकांच्या नार्को आणि ब्रेन मॅपिंग चाचण्या बेंगळुरूला झाल्या. त्या बातम्यांनी खटला सुरू होण्याआधीच लोकांच्या मनातला निकाल लावून टाकला. २०१५ मध्ये १२ जण दोषी ठरले, पाच जणांना फाशी झाली. २१ जुलै २०२५ ला मुंबई उच्च न्यायालयाने कबुलीजबाब अविश्वसनीय ठरवून सर्वांना निर्दोष सोडले. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले आहे. पण १९ वर्षे गेली ती गेलीच. आणि ज्यांची माणसे त्या गाडीत गेली, त्यांच्या हातीही सत्य आलेले नाही.

आता थोडे आपल्या लोकांनाही सांगायचे आहे. २००८ च्या मालेगाव स्फोटात साध्वी प्रज्ञासिंह ठाकूर यांच्यावरही याच चाचण्या झाल्या. तेव्हा आपल्यातल्या काहींना बरे वाटले होते. ३१ जुलै २०२५ ला त्या खटल्यातले सातही आरोपी सुटले. तो निकाल कुणाला पटो वा न पटो, जे यंत्र आपल्या पोरांसाठी खोटे, ते त्यांच्यासाठी खरे कसे होईल?

एका लढाईत शत्रूने कलमा उच्चारला, तरी उसामा बिन झैद यांनी त्याला मारले. जिवाच्या भीतीने म्हणाला, असे त्यांनी कारण दिले. तेव्हा पैगंबरांनी (स.) त्यांना जाब विचारला की तू त्याचे काळीज फाडून पाहिले होतेस का? मनाचा मालक अल्लाह आहे. माणसाने कृती आणि पुरावा पाहावा. भारतीय संविधानाचे अनुच्छेद २०(३) वेगळ्या वाटेने तिथेच पोचते. कोणत्याही आरोपीला स्वतःविरुद्ध साक्षीदार होण्याची सक्ती करता येत नाही. ५ मे २०१० ला सेल्वी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने नार्को, पॉलिग्राफ आणि ब्रेन मॅपिंग सक्तीने करण्यास मनाई केली.

पण एक फट राहिली. आरोपीच्या संमतीने चाचणी चालते. कोठडीतल्या माणसाची संमती म्हणजे काय? नकार दिला तर लोक म्हणणार, काहीतरी लपवतोय. म्हणजे मित्राची तीच म्हण! म्हणून माझी मागणी आहे की संमतीच्या नावाखाली चालणाऱ्या या चाचण्याही बंद व्हाव्यात. पोलिसांनी माग काढावा, साक्षीदार शोधावेत, पुरावा आणावा. ते कष्टाचे काम आहे, पण तेच त्यांचे काम आहे.

निघताना मित्राला एवढेच विचारले, "उद्या चुकून तुझ्या पोराच्या डोक्यावर ती टोपी चढली, तर त्याला काय सांगशील? कर नाही, तर डर कशाला?"

त्याने मुलाकडे पाहिले आणि मोबाइल बंद करायला सांगितले.