‘जैसे थे’ म्हणजे नेमकं कधीचं?



हिवरे बाजारनं चराईबंदी केली, कुऱ्हाडबंदी केली. ती ग्रामसभेत, सगळ्यांसमोर ठरली, म्हणून टिकली. आपल्या नगर जिल्ह्यातल्या ठाकर, भिल्ल, महादेव कोळी वस्त्यांवर मात्र दुसरीच बंदी चालते, वाटबंदी. ती कुठल्याच सभेत ठरत नाही. एखादा बागायतदार रातोरात बांधावर तार ओढतो, चर खणतो, आणि सकाळी आपली बैलं, शाळेची पोरं, आजारी माणूस सगळे अलीकडंच अडकतात.

मग आपण कोर्टात जातो. दावा वर्षानुवर्षं चालणार हे सगळ्यांना ठाऊक असतं. म्हणून खरी लढाई सुरुवातीलाच होते, अंतरिम आदेशावर. कोर्ट म्हणतं, ‘जैसे थे ठेवा.’ ऐकायला हे न्यायाचं वाटतं. पण तार आधीच ओढलेली असेल तर जैसे थे म्हणजे वाट बंदच. ज्यानं आधी दांडगाई केली, त्यालाच निकालापर्यंत संरक्षण! तोवर आपली जमीन पडीक पडते आणि ‘कसता येत नाही तर देऊन टाका’ म्हणणारा दारात येऊन बसतो.

आमचं म्हणणं सरळ आहे. जैसे थे म्हणजे तार ओढण्याच्या आदल्या दिवशीचं. हे आमच्या मनचं नाही. मुंबईतल्या एका घराच्या वादात, वॉर्डन खटल्यात, सुप्रीम कोर्टानं १९९० साली सांगितलंय की वाद उभा राहण्याआधीची शेवटची बिनवादाची स्थिती परत आणण्यासाठीही अंतरिम आदेश देता येतो. मात्र बाजू भक्कम लागते, आणि नुकसान पैशानं भरून न येणारं असावं लागतं. मुंबईच्या घराला जो न्याय, तोच आपल्या पायवाटेला का नको?

बाजू भक्कम होते ती बरीचशी कोर्ट कमिशनरच्या अहवालावर. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २६, नियम ९ खाली कोर्ट जागेच्या पाहणीला माणूस नेमतं, बहुतेक वेळा वकील. त्याचा अहवाल पुरावा म्हणून दाव्यात लागतो. आपण हजर नसलो तरी तो पाहणी उरकू शकतो. आणि होतं काय, ते आम्ही पाहिलंय. आपली माणसं मजुरीला गेलेली. कमिशनर समोरच्याच्या गाडीतून येतो, त्याच्याच ओट्यावर चहा घेतो आणि लिहितो, ‘जागेवर रस्ता दिसून आला नाही.’ नांगर फिरवल्यावर रस्ता दिसणार कसा?

काही साथी म्हणतात, कमिशनर त्यांचाच, बहिष्कार टाका. आम्हाला हे पटत नाही. आपण गेलो नाही तर अहवाल एकट्या समोरच्याच्या तोंडचा होतो. म्हणून पाहणीची तारीख ही मोर्च्याची तारीख समजा. बायांनी पुढं राहावं, पाण्याला-सरपणाला त्या वाटेनं त्याच जातात. गावनकाशावरची गाडीवाट-पायवाटेची तुटक रेघ दाखवा. जुनी मोरी, बांधातलं खिंडार, चाकोरी दाखवा आणि ते लिहून घ्यायला लावा. वाचून घेतल्याशिवाय अंगठा देऊ नका. अहवाल खोटा असेल तर लेखी हरकत घ्या, कोर्टाच्या परवानगीनं कमिशनरला साक्षीत प्रश्न विचारा. नियम १० मध्ये ती सोय आहे.

दोन गोष्टी विसरू नका. वहिवाटीचा रस्ता अडवला तर सहा महिन्यांच्या आत तहसीलदाराकडे दाद मागता येते, मामलतदार कोर्ट कायदा १९०६, कलम ५. आणि आदिवासीला, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो, विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७, कलम १२.

कोर्टाकडेही आमची मागणी आहे. पाहणीची नोटीस आठवडाभर आधी वस्तीवर लागावी, कमिशनर कुणाच्याही गाडीतून येऊ नये, आणि कुणाकुणाला विचारलं त्यांची नावं अहवालात असावीत.

हिवरे बाजारची ग्रामसभा दरसाल पाण्याचा ताळेबंद मांडते. तसा प्रत्येक गावानं वाटांचाही मांडावा, ठराव करून लिहून ठेवावा. तार ओढली जाण्याआधीचं ‘जैसे थे’ मग आपल्या हातात कागदावर असेल.