हप्ता, मुदत आणि दामदुप्पट

तंजावरच्या बृहदीश्वर मंदिरात गेलेला मराठी माणूस बहुधा तेथील मराठी शिलालेखापाशी थांबतो. सरफोजी राजांनी १८०३ साली भोसले घराण्याचा इतिहास मंदिराच्या भिंतीवर कोरवून घेतला, आणि आपली भाषा इतक्या दूर दगडावर पाहताना मन भरून येणे स्वाभाविक आहे. कार्यालयीन कामानिमित्त तंजावरला गेलो असता मीही तेथे थांबलो. परंतु अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने त्याच मंदिरातील सुमारे हजार वर्षे जुन्या तमिळ लेखांकडेही वळले पाहिजे, कारण त्यांत कर्जव्यवहाराची एक विलक्षण नोंदवही आहे.

राजराज चोळाने हे मंदिर इ. स. १०१० च्या सुमारास पूर्ण केले. राजा, त्याची थोरली बहीण कुंदवै, अधिकारी आणि व्यापारी यांनी देवासाठी पैसा ठेवला, आणि तो पैसा आसपासच्या गावांच्या सभांना व्याजाने देण्यात आला. हुल्ट्श यांनी संपादित केलेल्या ‘साउथ इंडियन इन्स्क्रिप्शन्स’ मालेच्या दुसऱ्या खंडात हे लेख इंग्रजी भाषांतरासह वाचावयास मिळतात. व्याजाचा दर अनेक ठिकाणी एकच आहे : एका काशू नाण्यामागे वर्षाला एक अष्टमांश काशू, म्हणजे साडेबारा टक्के. आणि मुदत? चंद्रसूर्य असेपर्यंत.

या दोन शब्दांचा अर्थ नीट लक्षात घ्यावा. मुद्दल परत करण्याची अपेक्षाच नाही. आठ वर्षांत व्याजापोटी मुद्दलाएवढी रक्कम देऊन होते, सोळा वर्षांत दुप्पट, आणि तरीही देणे पहिल्या दिवशी होते तेवढेच राहते. देवस्थानाच्या दृष्टीने ही व्यवस्था उत्तम होती. नंदादीप कायम तेवत राहिला पाहिजे, तर उत्पन्नही कायमचे हवे. ऋणको गावसभा असल्याने तिलाही ते पेलणारे होते, कारण गाव मरत नाही आणि सेवानिवृत्तही होत नाही. माणसाचे तसे नाही.

हे आठवण्यास कारण घडले ते त्याच संध्याकाळी. आमच्या स्थानिक कार्यालयातील एक तरुण सहकारी, घरी आजही तंजावरी मराठी बोलणाऱ्या कुटुंबातला, मेडिकल कॉलेज रस्त्याच्या बाजूस घर घेण्याच्या विचारात होता. कर्ज २५ लाखांचे, व्याज साडेआठ टक्के. बँकेतून त्याला दोन आकडे सांगण्यात आले होते : वीस वर्षांची मुदत घेतली तर महिना २१,६९६ रुपये हप्ता, तीस वर्षांची घेतली तर १९,२२३ रुपये. त्याचा प्रश्न सरळ होता. ‘‘सर, अडीच हजार रुपये वाचतात. तीस वर्षांचे घेऊ ना?’’ त्याचे वय चौतीस. साठाव्या वर्षी निवृत्ती. म्हणजे शेवटची चार वर्षे हप्ता भरावयाचा तो वेतन थांबल्यावर. आणि २००४ नंतर सेवेत आलेला असल्याने जुन्या पद्धतीच्या निवृत्तिवेतनाचा आधारही त्याला नाही.

मी कागद मागवला व आकडेमोड मांडली. वीस वर्षांत तो एकूण सुमारे ५२ लाख ७ हजार रुपये भरेल. त्यात व्याज २७ लाख ७ हजार. तीस वर्षांत तो सुमारे ६९ लाख २० हजार भरेल. त्यात व्याज ४४ लाख २० हजार. महिन्याला २,४७३ रुपये वाचविण्यासाठी तो सुमारे १७ लाख रुपये अधिक व्याज देणार होता. त्याने कागद दोनदा वाचला. दर दोन्हीकडे तोच होता. बदलली होती ती केवळ मुदत.

गृहकर्ज घेणारा मनुष्य व्याजदरावर पाव टक्क्यासाठी घासाघीस करतो आणि मुदत मात्र बँकेने सुचवील ती मान्य करतो. वस्तुतः कर्जाची दीर्घकालीन किंमत ठरविण्यात मुदतीचा वाटा दराइतकाच, किंबहुना कित्येकदा त्याहून मोठा असतो. याचे कारण हप्त्याच्या रचनेत आहे. हप्ता दरमहा समान असला तरी त्याच्या आतील वाटणी समान नसते. वीस वर्षांच्या उदाहरणात पहिल्या २१,६९६ रुपयांपैकी १७,७०८ रुपये व्याजात जातात व केवळ ३,९८८ रुपये मुद्दलास लागतात. दहा वर्षे, म्हणजे अर्धी मुदत, एकही हप्ता न चुकवता भरल्यावर ऋणकोने सुमारे २६ लाख रुपये दिलेले असतात, आणि तरीही १७ लाख ५० हजार रुपये, म्हणजे मुद्दलाच्या सत्तर टक्के, देणे बाकीच असते. अर्धा रस्ता चालून झाला असे त्याला वाटते. प्रत्यक्षात तीस टक्केच चालून झालेला असतो.

यातूनच दुसरी गोष्ट निघते. पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख रुपये जादा भरले व हप्ता तोच ठेवला, तर सुमारे २१ हप्ते कमी होतात आणि साडेतीन लाखांहून अधिक व्याज वाचते. तेच एक लाख रुपये पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले, तर सुमारे पन्नास हजारच वाचतात. बदलत्या दराच्या गृहकर्जावर व्यक्तींकडून मुदतपूर्व परतफेडीचा दंड घेण्यास रिझर्व्ह बँकेने २०१२ सालीच बँकांना मनाई केली आहे. अर्थात वाट मोकळी आहे. परंतु बोनस वा थकबाकीची रक्कम हाती आली की ती दुचाकीकडे किंवा सोन्याकडे वळते, आणि कर्जाचा विचार पुढे ढकलला जातो.

येथे एखादा अर्थशास्त्रज्ञ हरकत घेईल, आणि ती रास्त आहे. तीस वर्षांनंतरचा रुपया हा आजचा रुपया नव्हे. साडेआठ टक्के दरानेच भावी हप्त्यांचे आजचे मूल्य काढले, तर मुदत वीस वर्षांची असो वा तीस, उत्तर २५ लाखच येते. महागाई वाढते, वेतन वाढते, आणि हप्ता स्थिर राहून कालांतराने हलका वाटू लागतो. हे सर्व खरे आहे. मात्र दीर्घ मुदत फायद्याची ठरण्यासाठी एक अट आहे : दरमहा वाचलेले २,४७३ रुपये न चुकता गुंतविले पाहिजेत आणि त्यांवर कर वजा जाता साडेआठ टक्क्यांहून अधिक मिळाले पाहिजेत, तेही वर्षानुवर्षे. मी माझ्या सेवेत असे करणारी माणसे फार थोडी पाहिली आहेत. बाकीच्यांच्या घरात ती रक्कम किराणा, शाळेची फी आणि लग्नकार्यात विरून जाते. त्यात त्यांचा दोषही नाही. सैद्धांतिक समतुल्यता ही शिस्तबद्ध गुंतवणूकदारासाठी असते, संसारी माणसासाठी नव्हे.

शिवाय मुदत ही एकदा ठरली की स्थिर राहते, हाही समजच आहे. रिझर्व्ह बँकेने मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर नेला. त्याच्या आधी ६.७५ टक्के दराने वीस वर्षांसाठी २५ लाख घेणाऱ्याचा हप्ता सुमारे १९,००९ रुपये होता. दर अडीच टक्क्यांनी वाढून ९.२५ झाला, तर २५ लाखांच्या बाकीवर एका महिन्याचे व्याजच १९,२७१ रुपये होते. हप्ता भरूनही कर्ज वाढावे, अशी ही स्थिती. अनेक ठिकाणी हप्ता तोच ठेवून मुदत वाढविली गेली, आणि हप्ता न बदलल्यामुळे घरात कोणाच्या ते ध्यानातही आले नाही. त्यानंतर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम घातला की दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही, याचा पर्याय ऋणकोला द्यावा, स्थिर दराकडे जाण्याचीही मुभा द्यावी, आणि मुदतवाढीमुळे मुद्दल उलट फुगू देऊ नये. नियम चांगला आहे. पण पर्याय मिळणे आणि पर्याय कळणे यांत अंतर असते.

आपल्या पूर्वजांना हा धोका ठाऊक होता. ‘दामदुप्पट’ हा शब्द आज आपण गुंतवणुकीच्या जाहिरातीत ऐकतो. मूळ अर्थ मात्र ऋणकोच्या संरक्षणाचा आहे. एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलाहून अधिक असू नये, हा तो नियम. मनुस्मृतीत तो आहे, आणि मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी तो हिंदू ऋणकोंच्या बाबतीत इंग्रजी अमदानीतही लागू केला. मद्रास इलाख्यात मात्र त्याला मान्यता मिळाली नाही. म्हणजे साताऱ्याच्या ऋणकोला जे कवच होते, ते तंजावरच्या त्याच्या भाऊबंदाला नव्हते. १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाने गहाणव्यवहारालाही हा नियम लागू असल्याचे मान्य केले. परंतु आजच्या हप्तेबंद कर्जात तो उपयोगी पडत नाही. तो एका वेळी थकलेल्या व्याजावर मर्यादा घालतो, आणि हप्त्यात व्याज थकतच नाही. दरमहा थोडे थोडे दिले जाते. सावकाराच्या वहीत ढीग दिसत असे, येथे ढीग दिसतच नाही.

केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांसाठी असलेली घरबांधणी अग्रिमाची योजना या संदर्भात बोलकी आहे. २०१७ च्या नियमांनुसार ३४ महिन्यांचे मूळ वेतन, २५ लाख रुपये, घराची किंमत वा परतफेडीची कुवत, यांपैकी जे कमी असेल तेवढा अग्रिम मिळतो. व्याज सरळ आहे. प्रथम जास्तीत जास्त १८० हप्त्यांत मुद्दल वसूल होते आणि मग ६० हप्त्यांत व्याज. २५ लाखांवर तोच साडेआठ टक्के दर धरला, तर वीस वर्षांचे एकूण व्याज सुमारे १६ लाख होते. बँकेच्या हप्त्यात तेच २७ लाख. येथे दर तोच आहे आणि वर्षेही तितकीच आहेत; फरक आहे तो आधी मुद्दल की आधी व्याज, या क्रमाचा. यात चमत्कार काहीच नाही. व्याजासाठी थांबण्याची किंमत सरकार सोसते, म्हणजेच हे अनुदान आहे. प्रत्येक बँकेने असेच करावे असे मी म्हणणार नाही, ठेवीदारांनाही व्याज द्यावयाचे असते. पण ज्यांना हा हक्क आहे त्यांना तो माहीत तरी असावा. माझ्या या सहकाऱ्याने अग्रिमासाठी अर्ज केलेला नव्हता, कारण ‘‘कागदपत्रे फार लागतात’’ असे त्याला कोणीतरी सांगितले होते. सांगणारा आमच्यापैकीच कोणी असणार, याची मला लाज वाटली.

प्रशासनाने काय करावे? नव्या किरकोळ कर्जांसाठी ऑक्टोबर २०२४ पासून ‘मुख्य तथ्ये विवरण’ देणे बंधनकारक आहे. सर्व आकार धरून होणारा वार्षिक दर आणि परतफेडीचे वेळापत्रक त्यात असते, आणि ते ऋणकोला समजणाऱ्या भाषेत असले पाहिजे. माझी सूचना एवढीच, की त्याच्या पहिल्या पानावर तीन मुदती शेजारी शेजारी छापाव्यात : प्रत्येकीचा हप्ता, एकूण भरणा, आणि शेवटच्या हप्त्याच्या वेळचे ऋणकोचे वय. दर बदलल्यावर मुदत वाढली, तर तेच पान पुन्हा पाठवावे. आणि सरकारी कार्यालयांनी घरबांधणी अग्रिमाचे दोन पानी टिपण रुजू होणाऱ्या प्रत्येकाच्या हाती स्थानिक भाषेत द्यावे. यांपैकी कशासाठीही नवा कायदा लागत नाही.

तोवर दामदुप्पट हा नियम न्यायालयाने नाही तरी आपण स्वतःस लावून घ्यावा. अर्थशास्त्राच्या कसोटीवर तो काटेकोर नाही, पण घरगुती माप म्हणून उत्तम आहे : एकूण भरणा मुद्दलाच्या दुपटीपुढे जाणार असेल, तर मुदत कमी करावी, कर्ज कमी करावे, किंवा घर लहान घ्यावे. साडेआठ टक्क्यांना वीस वर्षांची मुदत ही मर्यादा किंचित ओलांडते. अठरा वर्षांची ओलांडत नाही. तिचा हप्ता २२,६३७ रुपये येतो, वीस वर्षांच्या हप्त्याहून ९४१ रुपये अधिक. आणि व्याज तीन लाखांहून अधिक वाचते.

मी सहकाऱ्याला तो आकडा लिहून दिला व अग्रिमाचा अर्ज आधी करावयास सांगितले. अग्रिमातून पुरे पैसे मिळणार नव्हते. उरलेल्या रकमेपुरतेच बँकेत जावे, आणि तेही अठरा वर्षांसाठी, असे ठरले. चौतीस अधिक अठरा, बावन्न. कागदाची घडी घालताना तो म्हणाला, की तोवर मुलगी कॉलेजात असेल. हा हिशेब बँकेच्या कोणत्याही तक्त्यात नव्हता, आणि खरे तर सर्वांत आधी तोच मांडावयास हवा होता.