बिल थकलंय? काम संपल्याची तारीख आधी पाहा

रस्ता करून दिला, टाकी बांधून दिली, लोक पाणी पिऊ लागले. बिल मात्र अजून निघालं नाही. महाराष्ट्रात कितीतरी छोट्या कंत्राटदारांची हीच गत आहे. 2025 मध्ये त्यांच्या संघटनांनी थकबाकी 89 हजार कोटींच्या घरात असल्याचं सांगितलं.

‘निधी आला की काढतो’ हे तुम्ही पुष्कळदा ऐकलं असेल. सांगणारा खोटं बोलतो असं नाही. पण दावा करण्याची मुदत कोणासाठी थांबत नाही.

केलेल्या कामाचे पैसे मागायला कायद्याने काम संपल्यापासून साधारण तीन वर्षं मिळतात. फेऱ्या मारून ती वाढत नाहीत. तुम्ही पत्रं देत राहिलात तरी वाढत नाहीत. कार्यालयाने त्या तीन वर्षांच्या आत ‘इतकी रक्कम देणं आहे’ असं सहीनिशी लिहून दिलं, तर मात्र तिथून मुदत नव्याने मोजतात.

म्हणून तो कागद मागा. कार्यकारी अभियंत्यांच्या नावे अर्ज करा. कार्यारंभ आदेशाचा क्रमांक आणि रक्कम लिहा. आपल्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. उत्तर आलं नाही तर माहिती अधिकाराचा अर्ज टाका. दहा रुपये लागतात आणि तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. एमबीच्या म्हणजे मोजमाप पुस्तकाच्या नोंदी, काम पूर्ण झाल्याचा दाखला, मंजूर बिलाची प्रत मागून घ्या.

मग वकील गाठा. रक्कम कार्यालयाला मान्य आहे, फक्त पैसे अडलेत, अशा वेळी हायकोर्टात रिट याचिकेचा उपयोग होऊ शकतो. मोजमापावर किंवा दर्जावर वाद असेल, तर कोर्ट बहुधा दिवाणी दाव्याकडे किंवा लवादाकडे पाठवतं. दिवाणी दाव्याआधी सरकारला दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. तेव्हा वकिलाकडे शेवटच्या महिन्यात धावू नका.

साहेबांनी साइटवर तोंडी सांगितलं म्हणून जादा काम करू नका. केलंच असेल आणि सरकार ते वापरत असेल, तर करार कायद्याच्या कलम 70 खाली मोबदला मागता येतो. पण ते सिद्ध करताना माणूस थकून जातो. त्याच दिवशी दोन ओळी लिहून घेणं बरं.

दुसऱ्याच्या नावावरचं काम करत असाल, तर सरकारदरबारी तुमचं नाव नसतं. मुख्य कंत्राटदाराशी लेखी करार करा आणि पैसे बँकेतूनच घ्या.

‘कोर्टात गेलो तर पुढचं काम मिळणार नाही’ ही भीती मला कळते. म्हणून एकाच विभागात अडकलेल्यांनी मिळून वकील करावा. एकट्याचं नाव पुढे येत नाही, खर्चही वाटला जातो.

आणि घरात खरा आकडा सांगा. बँकेचं किती, सिमेंटवाल्याचं किती, मजुरांचं किती. बिल येईल या भरवशावर दागिने गहाण ठेवू नका, सावकाराकडे जाऊ नका. हप्ता थकण्याआधीच बँकेत जाऊन बोला. मजुरांचं देणं आधी फेडा, त्यांच्याकडे कोर्टात जायला वेळही नसतो.