माणूस तोच कशावरून?

ग्वाल्हेरच्या फूलबागेत राणी लक्ष्मीबाईंच्या समाधीशी माणसे थांबतात, हात जोडतात. याच बागेत ३ जून १८५८ रोजी दरबार भरला होता, हे मात्र फारसे कुणाच्या गावी नसते. ग्वाल्हेरचे राजे जयाजीराव शिंदे आग्र्याकडे निघून गेले होते आणि १८५७ च्या उठावातल्या रावसाहेबांनी इथे आपले काका नानासाहेब यांची पेशवाई जाहीर केली. खुद्द नानासाहेब हजर नव्हतेच. कानपूरच्या सतीचौरा आणि बिबीघर इथल्या गोऱ्यांच्या कत्तलींसाठी इंग्रजांना हवे होते ते तेच. बक्षीस एक लाख रुपये. तात्या टोपे १८५९ मध्ये शिवपुरीत फासावर गेले, रावसाहेब १८६२ मध्ये कानपुरात. नाना काही सापडेनात.

आणि ऑक्टोबर १८७४ मध्ये ते ग्वाल्हेरात ‘सापडले’! जयाजीरावांनीच एका माणसाला धरून इंग्रजांच्या हवाली केले. त्याने कबुली दिली, मग फिरवली. कानपूरला ओळख पटवायला नानांना पूर्वी पाहिलेले डॉक्टर ट्रेसिडर होते, सतीचौऱ्यातून जिवंत सुटलेल्या मोजक्या गोऱ्यांपैकी मोब्रे थॉमसनही होते. नाना तोवर पन्नाशीला पोचले असते. हा बराच तरुण. अखेर हा तो नव्हे, असे ठरले. सूडाला सोळा-सतरा वर्षे धार लावत बसलेल्या सरकारने हाती आलेला माणूस फासावर चढवला नाही, याची नोंद घ्यायलाच हवी.

‘तोच कशावरून?’ या प्रश्नावर अमेरिकी वकील इलाय रोझेनबाउम यांनी आयुष्य वेचले. लपलेले नाझी शोधण्यासाठी १९७९ मध्ये अमेरिकेच्या न्याय खात्यात खास कचेरी उघडली. १९९५ ते २०१० ते तिचे संचालक होते. परदेशात झालेल्या त्या जुन्या खुनांचा खटला अमेरिकेत चालवता येत नसे. म्हणून वकिलांनी आडवाट धरली: देशात शिरताना हा खोटे बोलला एवढे सिद्ध करायचे, नागरिकत्व काढायचे, बाहेर धाडायचे. टेनेसीत राहणाऱ्या फ्रीडरिख बर्गरला २०२१ मध्ये, वयाच्या ९५व्या वर्षी, जर्मनीला परत पाठवले. बाल्टिक समुद्रात बुडालेल्या जहाजातून निघालेल्या एका कार्डावर छळछावणीतली त्याची नोकरी नोंदलेली होती.

याच कचेरीने पूर्वी हातही पोळून घेतले होते. जॉन डेम्यान्युकला ट्रेब्लिंका छळछावणीतला कुख्यात पहारेकरी ‘इव्हान’ म्हणून वाचलेल्या कैद्यांनी ओळखले, जेरुसलेममध्ये १९८८ साली फाशी सुनावली गेली. १९९३ मध्ये तिथल्याच सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. कचेरीने बचावाच्या उपयोगाची कागदपत्रे दडवल्याचा ठपका अमेरिकी न्यायालयाने ठेवला. पुढे २०११ मध्ये म्युनिकला तो दोषी ठरला, पण दुसऱ्याच छावणीच्या, सोबिबोरच्या गुन्ह्यात. चेहऱ्यापेक्षा कागद बरा, तो यामुळे. आणि तोही दोन्ही बाजूंना दाखवलेला.

 ग्वाल्हेरच्या मराठी वाचकाने मात्र एक हिशेब विचारावा. विष्णुभट गोडशांनी इंग्रजांनी झाशीत केलेले ‘बिजन’, म्हणजे सरसकट कत्तल, डोळ्यांनी पाहिले, १८८३ च्या सुमारास लिहून काढले. त्यांचा ‘माझा प्रवास’ छापला गेला तो १९०७ मध्ये. साक्ष होती, फिर्याद घेणारे न्यायालय नव्हते. झाशी घेणारा सेनापती ह्यू रोझ १८६६ मध्ये बॅरन झाला, आणि त्याच्या सरदारकीच्या सनदेत झाशीचे नाव घातले गेले.